‘फिट टू स्टँड ट्रायल’ एवढी एकच ओळ लिहिणं थांबवा

प्रश्नावली (धागाकर्ता):
कोर्टाचं पत्र बहुतेक वेळा असं येतं: ‘आरोपी मनोरुग्ण आहे काय, तपासून अहवाल द्यावा.’ उत्तर जातं: ‘स्किझोफ्रेनिया. सध्या लक्षणं आटोक्यात. फिट टू स्टँड ट्रायल (म्हणजे खटल्याला उभं राहायला समर्थ).’ खाली सही, शिक्का. या एवढ्यावर खटला पुढे सरकतो किंवा थांबतो. असा अहवाल कोर्टाने परत पाठवावा, असं माझं मत आहे.

भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ३६७ चौकशीच्या टप्प्यासाठी आहे आणि ३६८ खटल्याच्या (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ३२८ आणि ३२९). दोन्हींत प्रश्न दोन आहेत. आरोपी मनोविकल आहे का? आणि त्यामुळे तो स्वतःचा बचाव करायला असमर्थ आहे का? आपण पहिल्याचं उत्तर देतो आणि दुसरं त्यातच आलं असं धरून चालतो. प्रत्यक्षात आवाज ऐकू येणारा माणूसही वकिलाला नीट माहिती देऊ शकतो. उलट वॉर्डात शांत बसणारा, वेळेवर जेवणारा, ‘सहकार्य करतो’ असा शेरा मिळालेला माणूस स्वतःचा वकील पोलिसांनी पेरलाय असं ठाम मानत असू शकतो.

आणखी एक गल्लत होते. भारतीय न्याय संहितेचं कलम २२ (पूर्वीच्या दंड संहितेचं ८४) गुन्ह्याच्या क्षणी मन कसं होतं ते विचारतं. समर्थतेची तपासणी आज काय स्थिती आहे ते विचारते. एकाच कागदावर दोन्हींची उत्तरं सरमिसळ करून दिली की कोर्टात दोन्ही ढासळतात.

अहवालात निदानाखाली किमान एवढं हवं: आपल्यावर आरोप काय हे तो स्वतःच्या शब्दांत सांगतो का, न्यायाधीश, सरकारी वकील आणि आपला वकील यांतलं कोण काय करतं हे त्याला कळतं का, गुन्हा कबूल केला तर काय होईल, नाकारला तर काय होईल, वकिलाला घटनाक्रम सांगता येतो का, साक्षीदार खोटं बोलला तर वकिलाच्या कानावर घालता येईल का, दोन तास कोर्टात बसता येईल का. प्रत्येकापुढे त्याने दिलेलं उत्तर, त्याच्याच बोलीत. उत्तर नसेल तर कारण: माहिती नाही, की समजत नाही, की भ्रमामुळे वाकडं समजतं?

फौजदारी_बाजू:
मुळातच मतभेद आहे. कलम ३६७ पुन्हा वाचा. जिल्ह्याच्या शल्यचिकित्सकाला (सिव्हिल सर्जन) आरोपी मनोविकल वाटला तर तो त्याला मनोविकारतज्ज्ञाकडे किंवा क्लिनिकल सायकॉलॉजिस्टकडे पाठवतो, आणि ते कोर्टाला कळवतात की मनोविकलता किंवा बौद्धिक दिव्यांगत्व आहे की नाही. बचावाची असमर्थता ठरवायचं काम कायद्याने मॅजिस्ट्रेटवर टाकलंय. ‘फिट’ आणि ‘अनफिट’ हे शब्द तज्ज्ञाने लिहूच नयेत. लांब अहवाल आला की न्यायाधीश शेवटची ओळ वाचतात आणि निर्णय दवाखान्यात होतो.

उपाय कायद्यातच आहे. डॉक्टरला साक्षीदार म्हणून तपासायचं आणि ती तपासणी लिहून घ्यायची, हे कलमात स्पष्ट लिहिलंय. पिंजऱ्यात उभं राहून त्यांनी सांगावं, कशावरून म्हणता. वीस मिनिटांच्या प्रश्नोत्तरांत जे बाहेर येतं ते दहा पानी छापील फॉर्ममध्ये येत नाही.

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे. ‘घटनाक्रम सांगता येतो का’ हे तपासताना आरोपी घटनाच सांगणार. डॉक्टरशी झालेलं बोलणं गोपनीय ठेवण्याचं संरक्षण आपल्या पुराव्याच्या कायद्यात नाही, ते वकिलाशी झालेल्या बोलण्याला आहे. म्हणजे तुमच्या सविस्तर अहवालातून सरकार पक्षाच्या हातात आयता कबुलीजबाब जायचा.

प्रश्नावली:
दुसरा आक्षेप शंभर टक्के मान्य, आणि माझी मांडणी तिथे दुरुस्त करतो. अहवालात काय सांगितलं ते लिहायचंच नाही, कसं सांगितलं ते लिहायचं: ‘घटनेआधीचं, घटनेचं आणि नंतरचं असा क्रम लावून सांगतो, वेळ आणि ठिकाण यांत गोंधळ नाही, मध्येच विषय सुटत नाही.’ बस्स. आरोपाचा मजकूर दोषारोपपत्रातून घ्यायचा. मुलाखतीआधी त्याला साध्या शब्दांत सांगायचं की हे उपचारासाठी नाही, हा कागद न्यायाधीशांकडे जाणार आहे. आणि ते त्याला कळलं की नाही, हेही लिहायचं. तेवढं कळत नसेल तर तोच पहिला निष्कर्ष.

पिंजऱ्यातल्या तपासणीबद्दल मात्र पटत नाही. साक्ष नोंदवायची वेळ येईपर्यंत महिने जातात, डॉक्टरची बदली झालेली असते, येणारा नवीन डॉक्टर केसपेपर वाचून दाखवतो. केसपेपरवर ‘ओरिएंटेड, कोऑपरेटिव्ह’ (भान आहे, सहकार्य करतो) एवढंच असेल तर उलटतपासणीत विचारणार काय?

तुम्ही सांगितलेल्या कलमातच आणखी एक भोक आहे. शल्यचिकित्सकाला काही आढळलं तरच पुढचा तज्ज्ञ. ज्याचा आजार गप्प बसण्यात आहे तो पहिल्याच दारातून ‘नॉर्मल’ म्हणून परत जातो.

सरकार_पक्ष:
धाग्यात पीडितांची बाजू कुणीच मांडलेली नाही. खटला थांबवायची ही सर्वांत सोपी वाट आहे. पहिल्या तारखेला डोळे फिरवायचे, दुसऱ्या तारखेला कपडे फाडायचे, की चौकशी सुरू. प्रश्नांची यादी ठरलेली असली की आठवड्यात ती बराकीत पोहोचते. मग ‘न्यायाधीश कोण?’ याला ‘माहीत नाही’ म्हणायला फार अक्कल लागत नाही.

शिवाय ही पद्धत अमेरिकेतून आली आहे. समर्थता तपासणाऱ्या तिथल्या मॅककॅट-सीए चाचणीत २२ प्रश्न, त्यातले पहिले १६ बारमध्ये पूल (बिलियर्ड्ससारखा खेळ) खेळताना झालेल्या मारामारीच्या गोष्टीवर बेतलेले. मेळघाटातल्या कोरकू आरोपीला हे विचारणार? शिक्षेच्या वाटाघाटीचे प्रश्नही त्यात आहेत. तिथे बहुतेक खटले वाटाघाटीत मिटतात, आपल्याकडे ती तरतूद सात वर्षांपर्यंतच्या शिक्षेच्या गुन्ह्यांना आहे आणि क्वचित वापरली जाते.

बिनेकामत:
चाचणी जशीच्या तशी उचलू नये हे बरोबर. पण तिच्यातली एक युक्ती उचलण्याजोगी आहे: शिकवा आणि पुन्हा विचारा. ‘सरकारी वकील काय करतो?’ याला ‘ठाऊक नाही’ आलं, तर त्याच्या बोलीत दोन वाक्यांत सांगा. अर्ध्या तासाने दुसऱ्या शब्दांत विचारा. दुसऱ्या दिवशी पुन्हा. ज्याला फक्त माहिती नव्हती तो सांगतो. ज्याला धरून ठेवता येत नाही त्याचं दुसऱ्या दिवशी पुसलेलं असतं. अडाणीपणा आणि असमर्थता यांत फरक करायला यापेक्षा सोपं साधन नाही. दुभाषा नातेवाईक किंवा पोलीस नको, एवढं पथ्य.

बौद्धिक दिव्यांगत्वात सगळ्यात मोठी चूक ‘हो’ मुळे होते. हे पाहा.
‘तुझा वकील तुझ्या बाजूचा आहे ना?’ ‘हो.’
‘त्याला सगळं खरं सांगायचं ना?’ ‘हो.’
इथे थांबलं तर अहवाल ‘समर्थ’. आता उलट विचारा.
‘तुझा वकील तुला तुरुंगात टाकायला आलाय ना?’ ‘हो.’
समोरच्याला खूश ठेवायची सवय आयुष्यभर लागलेली असते. म्हणून होय-नाही प्रश्न टाळायचे, आणि टाळता आले नाहीत तर प्रत्येकाची उलटी जोडी विचारायची.

बिने-कामत चाचणीवर बुद्ध्यंक ६२ आला, एवढं लिहून भागत नाही. ६२ बुद्ध्यंकाचे दोघं वेगळे असतात. एक बाजारात सुट्टे पैसे मोजून घेतो, दुसऱ्याला घरचा पत्ता येत नाही.

ढोंगाबद्दल. सरकार पक्षाची भीती खरी आहे, पण ढोंग पकडायलाच जास्त वेळ लागतो, कमी नाही. टॉम या स्मरण चाचणीत ५० चित्रं दाखवतात आणि मग प्रत्येकासाठी दोन चित्रांतून आधी पाहिलेलं निवडायला लावतात. डोळे मिटून बोट ठेवलं तरी २५ च्या आसपास बरोबर येतात. कुणाचे १२ आले तर त्याला बरोबर उत्तर माहीत होतं आणि त्याने ते टाळलं. ४५ च्या खाली आलं की शंका घ्यायची असा प्रघात आहे, पण बौद्धिक दिव्यांगत्व असेल तर तेवढ्यावर शिक्का मारू नका. आणि ढोंग आहे म्हणून आजार नाही असंही नसतं. खऱ्या स्किझोफ्रेनियाचा रुग्णही घाबरून लक्षणं वाढवून सांगतो.

प्रश्नावली:
कोरड्या माहितीचे प्रश्न का पुरत नाहीत, याचं उदाहरण मुंबईतच आहे. रामन राघव, अनेक खून करणारा, १९६८ मध्ये पकडला गेला. सत्र न्यायालयाने फाशीची शिक्षा सुनावली. मग मुंबई उच्च न्यायालयाने तीन मनोविकारतज्ज्ञांचं मंडळ नेमायला लावलं आणि प्रश्न नेमके दोन वेगळे दिले: मनोविकल आहे का, आणि त्यामुळे बचावास असमर्थ आहे का. मंडळ त्याला पाच वेळा भेटलं, दर खेपेस सुमारे दोन तास. त्याच्या भ्रमांत जगं दोन होती, एक हे आणि एक ‘कानून’चं. शेवटच्या भेटीत निरोप घेताना डॉक्टरांनी हात पुढे केला, त्याने तो घेतला नाही. आपण ‘कानून’चे प्रतिनिधी आहोत, या दुष्ट जगातल्या माणसांना शिवणार नाही, म्हणाला.

आता याला विचारा, कायदा म्हणजे काय, कोर्ट म्हणजे काय. त्याच्याकडे शब्द आहेत, तो उत्तर देईल, यादीत बरोबरची खूण पडेल. तो शब्द त्याच्या डोक्यात कुठे जोडला गेलाय हे दहा तास बसल्यावर कळलं. अमेरिकी सुप्रीम कोर्टाने १९६० मध्ये डस्की खटल्यात नुसती माहिती पुरेशी नाही, खटल्याची समज विवेकाची हवी, असं म्हटलं ते यासाठीच.

वॉर्डातून:
तपासणीवर एवढी चर्चा चालली आहे, पण माणसं अडकतात ती तपासणीनंतर. ठाणे, येरवडा, नागपूर, रत्नागिरी, कुठलंही प्रादेशिक मनोरुग्णालय घ्या. ‘अनफिट’ म्हणून आलेला माणूस तीन महिन्यांत सुधारतो. दवाखाना कोर्टाला पत्र लिहितो. पत्र आवकला पडतं. तारखेला पोलीस गार्ड मिळत नाही. पुढची तारीख. तुरुंगात परत गेला की गोळ्या बंद किंवा बदलून मिळतात, आणि कोर्टात उभा राहतो तेव्हा पुन्हा आजारी. तुमचा पाच पानी अहवाल तोवर शिळा झालेला असतो.

आसाममधला माचांग लालुंग १९५१ ला पकडला गेला. तेजपूरच्या मनोरुग्णालयाने १९६७ मध्येच तो बरा असल्याचं कळवलं होतं. सुटला २००५ मध्ये, एक रुपयाच्या जातमुचलक्यावर. तपासणी झाली होती, निष्कर्षही आला होता. कागद कुणी पाहिला नाही म्हणून एका माणसाचं आयुष्य आत गेलं. त्यानंतर २००७ मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की दवाखान्याने ठराविक काळाने अहवाल पाठवायचे, आले नाहीत तर कोर्टाने मागवायचे, आणि फाशी-जन्मठेपेचा गुन्हा नसेल व कमाल शिक्षेइतका काळ आत गेला असेल तर प्रकरण बंद करायचं.

म्हणून अहवालात माझ्या मते तीन ओळी सक्तीच्या हव्यात. तपासणीची तारीख आणि पुढच्या तपासणीची तारीख. चालू औषधं, मात्रेसकट, आणि ती तुरुंगात मिळतील याची सोय. सुनावणी दिवसाच्या कोणत्या वेळी घ्यावी, कारण रात्रीच्या गोळीची झापड काहींना दुपारपर्यंत असते आणि न्यायाधीशांना वाटतं, हा ऐकतच नाही.

फौजदारी_बाजू:
वॉर्डातून यांच्या तिन्ही ओळी मान्य. त्यात एक जोड. कलम ३६९ नुसार दाखल करून उपचारांची गरज नसेल तर गुन्हा अजामीनपात्र असला तरी सोडता येतं. हमी नातेवाइकाचीच हवी असं नाही, कायद्यात मित्रही चालतो. नियमित बाह्यरुग्ण उपचार आणि इजा होऊ न देणं, एवढी हमी. घरच्यांनी हात झटकले की वकील प्रयत्नच सोडतात. ‘दाखल ठेवण्याची गरज आहे की नाही’ ही ओळ अहवालात नसल्याने जामिनाचा अर्ज तिथेच अडकतो. तेव्हा अहवालात काही वाढवायचंच असेल तर ही ओळ आधी वाढवा. ‘समर्थ’ हा शब्द मात्र तज्ज्ञाने लिहू नये, यावर मी ठाम आहे.

सरकार_पक्ष:
बौद्धिक दिव्यांगत्वाच्या प्रकरणात माझी अडचण कायम आहे. तिथे बरं होण्याची वाट पाहणं नाही. असमर्थ ठरला की कामकाज बंद. ज्या घरातली मुलगी गेली त्यांना कोर्टाने ‘हे कृत्य घडलं’ एवढंसुद्धा कधी सांगायचं नाही? इंग्लंडमध्ये असमर्थ आरोपीबाबतही ज्युरी कृत्य केलं की नाही एवढं ठरवते, शिक्षा न देता. आपल्याकडे आरोपीला प्रश्न न विचारता कागद पाहून प्रथमदर्शनी प्रकरण आहे का, इतकंच. हे पुरेसं नाही.

बिनेकामत:
इंग्लंडची तरतूद आणायला माझी हरकत नाही, उलट आरोपीलाही तिचा फायदा आहे. कृत्य सिद्धच झालं नाही तर तो निर्दोष सुटतो, आज तीही संधी त्याला मिळत नाही. पण ती येईपर्यंत ‘असमर्थ’ लिहिण्याआधी एक रकाना भरायला हवा: काय सोय केली तर समर्थ होईल? छोटी वाक्यं, दर वीस मिनिटांनी विश्रांती, शेजारी ओळखीचा माणूस, दोषारोप चित्रांनी समजावणं. अशी मदत देऊन पाहिली आणि तरीही जमलं नाही, असं अहवालात असेल तरच कामकाज बंद करायला माझी संमती. तुमच्या पीडितांच्या घरालाही मग निदान एवढं सांगता येईल की खटला चालवायचा प्रयत्न खरोखर झाला होता.

प्रश्नावली:
तो रकाना घेतला. फौजदारी_बाजू, तुमच्यासाठी ‘समर्थ’ शब्दही काढतो. शेवटची ओळ अशी: ‘वरील क्षमता आज या तारखेस अशा आहेत; दाखल ठेवण्याची गरज आहे / नाही; पुनर्तपासणी अमुक तारखेस.’ निर्णय कोर्टाचा. पण त्यावरच्या उत्तरांचा एकही रकाना कोरा असेल तर तुम्ही बचावाचे वकील म्हणून तो अहवाल त्याच दिवशी लेखी अर्जाने परत पाठवाल का, हे इथे सांगा.

फौजदारी_बाजू:
पाठवेन. आणि अर्जासोबत वकिलाचं स्वतःचं एक पान जोडेन: आरोपी किती वेळा भेटला, किती मिनिटं बोलला, सूचना देऊ शकला का. ते पान तुमच्या तज्ज्ञाला तपासणीआधी मिळायला हवं, आज ते कुणी मागतच नाही.