वीर चक्र काळं पडलंय, चिंचेने घासू का?

चोपडा: घरातल्या १९७१ च्या वीर चक्राची चांदी काळवंडलीय, फीतही विरलीय. चिंच लावून घासलं तर चालेल का?

धुळे: अजिबात नको, दादा! तो थर हवेतल्या गंधकामुळे येतो. घासलं की त्याच्यासोबत चांदीही झिजते, मग पंचकोनी ताऱ्याचे आणि मधल्या चक्राचे बारकावे कायमचे जातात. चिंचेचं आम्ल खाचांत अडकतं ते वेगळंच. मऊ सुती कापडाने धूळ टिपा, बस्स. काळेपणा राहू द्या.

अमळनेर: नवी फीत अर्धी गडद निळी, अर्धी केशरी हवी, जुनीही जपा. रबरबँड लावू नका, त्यातल्या गंधकाने चांदी आणखी काळी पडते. पावसाळ्यात डबीत सिलिका जेलची पुडी ठेवा.

चोपडा: २६ जानेवारीला आईने लावलं तर?

धुळे: जरूर लावू द्या, पण उजव्या छातीवर. डावी बाजू ज्याने ते मिळवलं त्याचीच.