स्वतःवरच हसणारा आयरिश डॉक्युमेंटरीवाला?

गच्चीवरचा_वाचक: मॅनखान मॅगन या आयरिश लेखकाची 'नो बेर्ला' कुणी पाहिलीये का? मित्र म्हणाला विनोदी आहे पण विषय भाषेचा, मग कंटाळवाणी तर नाही ना?

तिखटमीठ: अजिबात नाही! २००७ ची, टीजी फोर या आयरिश भाषेतल्या टीव्ही चॅनेलवरची मालिका. बेर्ला म्हणजे इंग्रजी. हा बाबा पूर्ण आयर्लंड फिरतो आणि फक्त आयरिशच बोलतो, दुकानात, पबमध्ये, सगळीकडे, आणि गंमत म्हणजे आयरिश ही देशाची पहिली अधिकृत भाषा, शाळेत सक्तीची, तरी डब्लिनमध्ये लोक वैतागतात. गॉलवेत तर रस्त्यावर उभं राहून आयरिशमध्ये अतिशय चावट गाणी म्हणतो, कुणाला कळतंय का बघायला, आणि लोक आपले मजेत ऐकतायत 😂 हसता हसता पोटात कालवतं मात्र.

पावसाळी_बेडूक: +१. आधी तो भाऊ रुआनसोबत प्रवासाच्या डॉक्युमेंटरीज करायचा, भाऊ कॅमेऱ्यामागे आणि हा समोर बडबडत. सुरुवात भारतातूनच झाली, भारतावर त्याचं पुस्तकपण आहे.

गच्चीवरचा_वाचक: अरे वा, मग पुस्तकापासूनच सुरू करतो. अजून काय वाचू?

तिखटमीठ: २०२० चं 'थर्टी टू वर्ड्स फॉर फील्ड'. शेताला आयरिशमध्ये किती शब्द आहेत तिथून सुरू होतं, आपल्याकडे वावर, रान, शिवार, खाचर म्हणतात तसंच. २०२५ मध्ये गेला बिचारा, जेमतेम ५५ चा होता.