वाघर माळ्यावर टांगलेली आहे

‘शिकार म्हणजे नुसती क्रूरता, त्यात परंपरा कसली,’ असं एका ताईंनी लिहिलंय. आमचं मूळ घर नाशिक जिल्ह्यातल्या पेठ या आदिवासी तालुक्यातलं, घरात शिकारीची परंपरा, म्हणून राहवलं नाही.

आमचा आजा सशांसाठी वाघर लावायचा. घरीच विणलेलं ते जाळं माळ्यावरून काढलं की अजून चुलीच्या धुराचा वास येतो. पणज्याने त्याला आधी शिकवलं ते माग काढणं: लेंडी ओली की सुकलेली, गवत कुठल्या अंगाला दबलंय. गाभण मादी अडकली तर सोडायची. हाका घालणाऱ्या, म्हणजे आरडाओरडा करून जनावर जाळ्याकडे हाकणाऱ्या, प्रत्येक घराला वाटा, अगदी पोराटोरांनाही. हौसेखातर जीपमधून बंदुका घेऊन हिंडणाऱ्यांची शिकार आणि ही एका तराजूत घालू नका, एवढीच विनंती.

बंदी मात्र मला पटते. रान विरळ झालं, जनावर कमी झालं. १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने आज साधा ससा मारणंही गुन्हा आहे. वडिलांनी वाघर टांगली ती टांगलीच. पण माग काढणं त्यांनी मला शिकवलं. नाशिक जिल्ह्यातलं नांदूरमध्यमेश्वर ही राज्यातली पहिली रामसर पाणथळ जागा, म्हणजे रामसर या आंतरराष्ट्रीय कराराच्या यादीतली. तिथे पक्षी बघायला गेलो की लेकीला आधी काठावरच्या चिखलातली पावलं दाखवतो.