पोटगीची ऑर्डर हातात आहे, पैसे येत नाहीत (सोलापूर) – मदत हवी आहे

नमस्कार. ताईच्या पोटगीबद्दल विचारायचं आहे. जरा लांबलंय, पण पूर्ण वाचा ही विनंती.

सोलापूरच्या फॅमिली कोर्टानं गेल्या मार्चमध्ये जुन्या सीआरपीसीच्या (फौजदारी प्रक्रिया संहितेच्या) कलम 125 खाली ऑर्डर दिली: ताईला 5,000 आणि भाचीला 2,500 दरमहा, अर्ज केल्या तारखेपासून. दाजींनी दोन महिने भरले आणि बंद केलं. घरचे टॉवेलचे लूम चालवतात, पण उत्पन्नाच्या शपथपत्रात 'मजुरी' लिहिलंय.

ऑगस्टमध्ये वसुली अर्ज लावला. वॉरंट निघालं आणि दोनदा परत आलं, शेरा तोच: 'इसम मिळून आला नाही'. त्याच आठवड्यात मी त्यांना कारखान्याच्या दारात सुताच्या गोण्या उतरवून घेताना पाहिलं. फार चीड आली.

आता त्यांनी मुंबई हायकोर्टाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचला रिव्हिजन (ऑर्डर तपासून बदलावी असा अर्ज) टाकली आहे आणि केस वर गेली, आता पैसे मागता येत नाहीत असं सांगत फिरतात. आमचे वकील म्हणतात, स्टे नसेल तर नुसत्या रिव्हिजननं वसुली थांबत नाही. स्टे मिळालेला नाही. दाजींचं दुसरं पालुपद, 'महिनाभर आत बसेन, हिशोब मिटला.' तसा मिटत नाही. सुप्रीम कोर्टानं 1988 सालीच सांगितलंय की जेल भोगली तरी थकबाकी राहते.

मला अडलंय ते असं. रक्कम देय झाल्यापासून वर्षाच्या आत अर्ज केला तरच वॉरंट निघतं. मग ऑगस्टनंतरचे महिने जुन्याच अर्जात धरतात, की नवा अर्ज लावावा लागतो? लूम त्यांच्या भावाच्या नावावर दाखवलेत, त्यावर जप्ती आणता येते का? कुणी आणली असेल तर कोर्टापुढं काय पुरावा ठेवला? आणि वॉरंट बजावायला आम्ही स्वतः पोलिसांबरोबर जाऊन माणूस दाखवला तर चालतं का?

ताई घरी विड्या वळते. सूप मांडीवर, शेजारी भाचीचा अभ्यास. तारखेच्या दिवशी विड्या होत नाहीत, तेवढी मजुरी बुडते. बाईला उत्पन्न न बघता विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो हे आम्हाला उशिरा कळलं. केस अर्ध्यावर असताना तिकडचा वकील घेतलेलं कुणी आहे का? आधीच्या वकिलांची एनओसी लागली का?

पुढची तारीख 20 ला आहे. त्याआधी कळलं तर फार उपकार होतील.