घरी कराओके डिस्क बनवायची आहे, देवनागरी शब्द तुटतायत, मदत हवी आहे

नमस्कार मंडळी,

आईला गायची प्रचंड हौस आहे पण मोबाईलवरची बारीक अक्षरं तिला दिसत नाहीत, टीव्हीवर मोठे शब्द यावेत आणि रिमोटचं बटण दाबलं की गाणं सुरू व्हावं एवढंच तिचं म्हणणं आहे, म्हणून तिच्या आवडीच्या गाण्यांची डिस्क मी कॉम्प्युटरवर बनवायला घेतलीय. तीन ठिकाणी गाडी अडलीय.

पहिलं म्हणजे सीडीजी, म्हणजे गाण्याबरोबर स्क्रीनवर शब्द दाखवणारी कराओके सीडी. सॉफ्टवेअरमध्ये सगळं नीट दिसतं, सीडी राइटपण होते, पण डीव्हीडी प्लेअरमध्ये टाकली की फक्त म्युझिक वाजतं आणि स्क्रीन काळीच.

दुसरं आवाज काढणं. डाव्या चॅनलमधून उजवा वजा करायची जुनी पद्धत वापरली तर गायिकेबरोबर डग्गा आणि बेसपण गायब, आणि एका जुन्या गाण्यात तर काहीच उरलं नाही, नुसती शांतता.

तिसरं सगळ्यात त्रासदायक. एजिसब या सबटायटलच्या सॉफ्टवेअरमध्ये शब्दांचं टायमिंग करताना, म्हणजे कुठला तुकडा कधी रंगेल ते ठरवताना, अक्षरं फुटतात. 'किनारा' मधला क एका तुकड्यात आणि वेलांटी दुसऱ्या तुकड्यात गेली की मधे ते ठिपक्यांचं गोल येतं. आणि 'स्वप्न' सारख्या शब्दात नक्की कुठे तोडायचं? बोलताना स्वप्-न होतं, पण तसं तोडलं तर प चा पाय मोडलेला दिसतो, आई वाचता वाचता अडखळेल. कोणी मराठी गाण्यांवर हे केलंय का? प्लीज सांगा.

प्रतिसाद :

सीडीजीचा नाद सोडा. त्यातली चित्रं ऑडिओ सीडीच्या सबकोडमध्ये (आवाजाबरोबर साठवलेली जादा माहिती), आर ते डब्ल्यू या चॅनलमध्ये भरलेली असतात आणि साधा प्लेअर तिकडे बघतच नाही, त्यामुळे गाणं वाजतं पण शब्द दिसत नाहीत. शिवाय स्क्रीन जेमतेम ३०० बाय २१६ पिक्सेलची, रंग एका वेळी १६, आणि सगळं ६ बाय १२ च्या चौकोनांनी रंगवायचं, त्यात आपली शिरोरेषा, वर मात्रा, खाली उकार बसवायचे म्हणजे शिक्षाच. सरळ डीव्हीडी व्हिडिओ करा, ७२० बाय ५७६, सेकंदाला २५ फ्रेम. शब्द व्हिडिओतच पक्के छापून घ्या, डीव्हीडीच्या सबटायटलमध्ये एका वेळी चारच रंग मिळतात, त्यात गाण्याबरोबर शब्दांवरून सरकणारा रंग नीट येत नाही.

आवाजाचं असं आहे की वजाबाकीत दोन्ही चॅनलमध्ये सारखं असलेलं सगळंच जातं. गायिका, डग्गा, बेस बहुतेक वेळा मधोमधच असतात, आणि मोनो रेकॉर्डिंग असेल तर दोन्ही बाजू एकच, मग उरणार काय? डीमक्स नावाचं सॉफ्टवेअर वापरून बघा, गळा आणि वाद्यं वेगळी करून देतं. जुन्या गाण्यात थोडा गळा मागे राहतो, पण वर आई गात असतील तर तो खटकत नाही.

आता तुमचं स्वप्न. गायक सूर लांबवतो तो स्वरावर, म्हणजे 'स्व' वर थांबतो आणि 'प्न' एकदम घेतो. म्हणून स्व आणि प्न असेच दोन तुकडे करा, लिहितानाही बरोबर आणि गातानाही बरोबर. काना, वेलांटी, अनुस्वार कधीच अक्षरापासून वेगळे करू नका. शब्द आपोआप तोडणाऱ्या ऑटो स्प्लिटवर विसंबू नका, हाताने करा, वेळ लागतो पण दुसरा उपाय नाही. शब्दाच्या शेवटचा अ गाताना गिळला जात असेल तर ते अक्षर आधीच्याला जोडून टाका.

मूळ धागाकर्ता :

दादा, खूप खूप आभार! स्वरावर थांबतो हे डोक्यातच आलं नव्हतं, आता आख्खी ओळ वाचताना कुठे तोडायचं ते आपोआप कळतंय. एकच शंका, गळ्यासकट आणि गळ्याशिवाय असे दोन्ही आवाज एकाच डिस्कवर देता येतील का, म्हणजे आधी ऐकून मग गाता येईल?

प्रतिसाद :

येतील की. डीव्हीडीस्टायलर या डीव्हीडी बनवायच्या सॉफ्टवेअरमध्ये त्याच व्हिडिओला दोन ऑडिओ ट्रॅक जोडा, रिमोटवरच्या ऑडिओ बटणाने बदलता येतात. फक्त दोन्ही ट्रॅक ४८ किलोहर्ट्झमध्ये करून घ्या, सीडीवरून घेतलेलं गाणं ४४.१ असतं. आणि नुसती व्हिडिओ फाइल डेटा डिस्क म्हणून राइट करू नका, काही प्लेअर ती घेतच नाहीत. कमी स्पीडला राइट करून डिस्क फायनलाइज करा, म्हणजे राइटिंग पूर्ण करून डिस्क बंद करा.