गृहकर्ज ५० लाखांचं, पण २० वर्षांनी हिशेब किती होतो?

उंबरठा

पुणे महापालिकेच्या हद्दीत ६५ लाखांचा तयार फ्लॅट आहे, भोगवटा प्रमाणपत्र मिळालेला. कर्ज ५० लाख, दर रेपोशी (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते त्याच्याशी) जोडलेला, आज ८.५ टक्के. २० वर्षांसाठी हप्ता ४३,३९१ रुपये, ३० वर्षांसाठी ३८,४४६. बँकेचा आग्रह ३० वर्षांचा आहे. शिवाय दीड लाखाचा एकरकमी हप्त्याचा कर्जविमा सुचवलाय आणि ती रक्कमही कर्जातच मिळवू म्हणतात.

प्रश्न असे: महिन्याला ४,९४५ रुपये वाचवण्याची खरी किंमत किती? अधूनमधून जास्तीचे पैसे भरले तर हप्ता कमी करून घ्यावा की मुदत? दर वाढला तर काय होतं? आणि विमा घ्यावा का? कृपया आकड्यांसह सांगा.

वहीखाते

आधी सरळ बेरीज. दर शेवटपर्यंत ८.५ टक्केच राहिला असं धरलं, तर ५० लाखांवर भरायची एकूण रक्कम अशी:

१५ वर्षं: हप्ता ४९,२३७, एकूण ८८.६३ लाख, त्यात व्याज ३८.६३ लाख
२० वर्षं: हप्ता ४३,३९१, एकूण १०४.१४ लाख, व्याज ५४.१४ लाख
२५ वर्षं: हप्ता ४०,२६१, एकूण १२०.७८ लाख, व्याज ७०.७८ लाख
३० वर्षं: हप्ता ३८,४४६, एकूण १३८.४० लाख, व्याज ८८.४० लाख

म्हणजे २० वरून ३० वर्षांवर गेलं की हप्ता ११ टक्क्यांनी खाली येतो आणि व्याज ६३ टक्क्यांनी वर जातं. २५ वरून ३० वर जाताना तर हप्ता जेमतेम १,८१५ रुपयांनी कमी होतो, पण पाच वर्षं जास्त भरत बसावं लागतं. मुदत जितकी लांब, तितका पुढच्या प्रत्येक वर्षाने हप्त्यात पडणारा फरक किरकोळ होत जातो. कारण साधं आहे: ५० लाखांचं पहिल्या महिन्याचं नुसतं व्याजच ३५,४१७ रुपये आहे. हप्ता त्याच्या खाली जाऊच शकत नाही.

२० वर्षांच्या कर्जाचा आतला प्रवासही बघून ठेवा. पहिल्या हप्त्यातून मुद्दल फिटतं ७,९७४ रुपये. पहिल्या वर्षात तुम्ही ५.२१ लाख भरता, त्यातले ४.२१ लाख व्याजात जातात. पाच वर्षांनी २६ लाख भरून झालेले असतात आणि बाकी असते ४४.०६ लाख. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, ३५ लाख शिल्लक. हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दलाचा वाटा जास्त होतो तो १४३व्या महिन्यापासून. बँक यात काही लबाडी करत नाही, घटत्या शिलकीवरच्या व्याजाचं गणितच असं चालतं. पण सातव्या-आठव्या वर्षी घर विकायचा विचार असेल तर हे आकडे माहीत असायलाच हवेत.

कर्जाबाहेरचा खर्च: पुण्यात मुद्रांक शुल्क आणि त्यावरचे अधिभार मिळून ७ टक्के, म्हणजे ४.५५ लाख. करारातली किंमत आणि रेडी रेकनरची (सरकारने त्या भागासाठी ठरवलेली) किंमत यांतली जी जास्त, तिच्यावर हे लागतं. खरेदी फक्त स्त्रीच्या नावावर असेल तर १ टक्का सवलत, पती-पत्नी दोघांच्या नावावर असेल तर नाही. नोंदणी फी ३०,००० रुपये. भोगवटा प्रमाणपत्र असल्यामुळे जीएसटी नाही, बांधकाम चालू असतं तर ५ टक्के गेला असता. म्हणजे स्वतःचे १५ लाख धरून सुरुवातीलाच जवळजवळ २० लाख हातात हवेत. प्रोसेसिंग फी व तिच्यावरचा १८ टक्के जीएसटी आणि गहाणाच्या नोंदीचं शुल्क वेगळं. सगळं जोडलं तर ६५ लाखांचं घर २० वर्षांत सुमारे १ कोटी २४ लाखांना पडतं.

किंमत ५० लाखांच्या वर असल्याने विक्रेत्याला पैसे देताना १ टक्का टीडीएस (विक्रेत्याच्या नावे आगाऊ कापायचा आयकर) कापून तुम्हालाच सरकारकडे भरायचा आहे. तो जादा खर्च नाही, विक्रेत्याच्याच रकमेतून जातो. मात्र बँकेला हे आधी सांगा, नाहीतर सगळी रक्कम विक्रेत्याकडे जाते आणि टीडीएस खिशातून भरावा लागतो.

रेपोरेषा

वरचं गणित बरोबर आहे, पण दर २० वर्षं हलणारच नाही असं धरलंय. खरी गोम तिथेच आहे.

कर्ज घेतल्यावर लगेच दर ८.५ वरून ९.५ झाला असं समजा. दोन रस्ते असतात.

पहिला, हप्ता वाढवायचा: ४३,३९१ चे ४६,६०७ होतात, मुदत २० वर्षंच. एकूण व्याज ६१.८६ लाख, म्हणजे ७.७२ लाख जास्त.

दुसरा, हप्ता तोच ठेवायचा: मुदत २४० महिन्यांवरून ३०९ महिन्यांवर जाते. एकूण व्याज जवळपास ८४ लाख, म्हणजे सुमारे ३० लाख जास्त.

महिन्याला ३,२१६ रुपये वाचले म्हणून पावणेसहा वर्षं वाढली. आणि वर्षानुवर्षं बँका दुसराच रस्ता आपोआप धरत आल्या, कारण खात्यातून जाणारी रक्कम तीच राहते आणि ग्राहक तक्रार करत नाही.

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. ६.७ टक्क्यांनी ३० वर्षांसाठी ५० लाख घेतलेल्याचा हप्ता होता ३२,२६४. दर ९.२ झाल्यावर महिन्याचं व्याजच साडेसदतीस हजारांच्या वर गेलं. म्हणजे हप्ता भरूनही मुद्दल वाढणार! मुदत कितीही ताणली तरी असं कर्ज फिटत नाही, अशा वेळी हप्ता वाढवावाच लागतो. ३० वर्षांच्या कर्जाला हा धोका सर्वात जास्त, कारण त्यात मुद्दलाचा वाटा मुळातच नखाएवढा असतो.

यावर रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढलं. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय ग्राहकाला द्यावाच लागतो. आतापर्यंत वसूल झालेलं मुद्दल व व्याज, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर दाखवणारं विवरण दर तिमाहीला मिळालं पाहिजे. त्यातला ‘उरलेले हप्ते’ हा आकडा मागच्या तिमाहीपेक्षा तीनहून जास्तीने कमी झाला, की बरोबर तीनने, की वाढला, एवढं बघितलं तरी पुरे. वाढला असेल तर त्याच आठवड्यात शाखेला लेखी कळवा: ‘मुदत पूर्ववत ठेवून हप्ता वाढवावा.’

उलट दर खाली आला आणि बँकेने हप्ता तोच ठेवून मुदत घटवली, तर हात लावू नका. ते तुमच्या फायद्याचं आहे.

आजचा_रुपया

सर्वांचे आकडे बरोबर आहेत, तरी एका गोष्टीला माझा विरोध आहे. २०व्या वर्षी भरायचा रुपया आणि आज भरायचा रुपया यांची सरळ बेरीज करून ‘घर दुपटीने पडलं’ म्हणणं योग्य नाही. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर २० वर्षांच्या सगळ्या हप्त्यांची आजच्या रुपयांतली किंमत ६६.४ लाख येते आणि ३० वर्षांच्या हप्त्यांची ७२.५ लाख. म्हणजे कागदावर ३४ लाखांचा दिसणारा फरक आजच्या मोलाने सहा लाखांच्या आसपास आहे. आहेच, पण त्याची भीती वाटायचं कारण नाही.

हीच चूक ‘लवकर भरा, जास्त वाचेल’ या सल्ल्यात होते. २० वर्षांच्या कर्जात पहिल्या वर्षाअखेर १ लाख जास्तीचे भरले तर पुढचं व्याज ३.८२ लाखांनी कमी होतं. तेच १ लाख १५व्या वर्षाअखेर भरले तर फक्त ५१ हजारांनी. वाटतं की पहिलं पाऊल सातपट फायद्याचं. पण दोन्ही वेळा त्या लाखावर मिळालेला परतावा एकच आहे, वर्षाला ८.५ टक्के. पहिल्या वेळी तो १९ वर्षं मिळतो, दुसऱ्या वेळी पाच.

म्हणून तुलना करायची ती दरांची. मुदत ठेवीवर ७ टक्के मिळत असतील आणि तुम्ही ३० टक्क्यांच्या टप्प्यात असाल तर उपकर धरून कर गेल्यावर हातात ४.८ उरतात. अशी ठेव ठेवून ८.५ टक्क्यांचं कर्ज चालू ठेवणं निव्वळ तोट्याचं. मात्र सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला ठेवल्याशिवाय एक रुपयाही आगाऊ भरू नका. कर्जात भरलेला पैसा नोकरी गेल्यावर बँक परत देत नाही.

करसवलतीचंही असंच. राहत्या घराच्या व्याजावरची २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या करप्रणालीतच मिळते. तुमचं पहिल्या वर्षाचं व्याज ४.२१ लाख, त्यातल्या निम्म्याहून अधिकावर सवलत नाहीच. नव्या प्रणालीत असाल तर शून्य. ‘कर वाचतो म्हणून कर्ज चालू ठेवा’ हा सल्ला कुणी दिला तर आधी तुमची प्रणाली कोणती ते तपासा.

वहीखाते

@आजचा_रुपया, मान्य. बेरजेपेक्षा दर आणि बाकी मुद्दल हेच बघायला हवं. त्या हिशेबाने २० की ३० या प्रश्नाचं उत्तरही थोडं बदलतं. वैयक्तिक गृहकर्ज बदलत्या दराचं असेल तर मुदतीआधी पैसे भरायला दंड नाही. त्यामुळे ३० वर्षांचं कर्ज घेऊन दरमहा ४,९४५ जास्तीचे भरले तर ते बरोबर २० वर्षांतच फिटतं आणि अडचणीच्या महिन्यात ३८,४४६ वर थांबायची मुभा राहते. अट एकच, ती जादा रक्कम आपोआप जायला हवी, ‘उरले तर भरू’ असं नको. काही बँका आगाऊ रकमेला किमान मर्यादा घालतात, ती सहीआधी विचारा. हप्त्याबरोबर जास्तीची रक्कम कर्जखात्यात नुसती पडून राहिली, मुद्दलात वळती झालीच नाही, असंही घडतं. दोन महिन्यांनी खातेउतारा काढून मुद्दलाचा आकडा ताडून बघा.

जास्तीचे भरून हप्ता कमी करायचा की मुदत? मुदत. अर्जावर तसा रकाना असतो, तो कोरा सोडलात तर बँक तिच्या सोयीने भरते. २० वर्षांच्या कर्जात दरवर्षी एक हप्ता जास्तीचा भरला तर ते २०१व्या महिन्यात संपतं, व्याज १० लाखांच्या वर वाचतं. पगारवाढीबरोबर हप्ता दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढवत नेला तर सव्वाबारा वर्षांत मोकळे, एकूण व्याज साडेचौतीस लाखांच्या आसपास. सर्व उपायांत मला हाच सर्वाधिक पसंत आहे.

हे सगळं एक्सेलमध्ये स्वतः करून बघा. हप्त्यासाठी पीएमटी (PMT) आणि उरलेल्या महिन्यांसाठी एनपर (NPER), ही दोन सूत्रं पुरतात. दर महिन्याचा घालायचा, म्हणजे ८.५ टक्के भागिले १२. वार्षिक दर तसाच घातला की उत्तर भलतंच येतं.

रेपोरेषा

विम्याचं राहिलं. दीड लाख कर्जात मिळवले तर हप्ता १,३०२ रुपयांनी वाढतो आणि २० वर्षांत त्या दीड लाखाचे ३.१२ लाख होतात. शिवाय अशा विम्याचं संरक्षण बहुधा कर्जाबरोबर घटत जातं आणि कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तर त्याचा उपयोग संपतो. विमा हवाच, कारण कमावतं माणूस गेलं तर मागे राहिलेल्यांवर हप्ता पडतो. पण वेगळी मुदत विमा (टर्म इन्शुरन्स) पॉलिसी घ्या, वार्षिक हप्त्याची. कर्जमंजुरीसाठी बँकेचाच विमा घेण्याची सक्ती नसते. ‘सक्तीचा आहे’ असं तोंडी सांगितलं तर तसं लेखी मागा. पॉलिसी गळ्यात पडलीच असेल तर हातात आल्यापासून ३० दिवसांत परत करता येते.

१ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जाला ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ देणं बंधनकारक आहे. त्यात एपीआर नावाचा आकडा असतो. प्रोसेसिंग फी, कायदेशीर तपासणी, बँकेमार्फत घेतलेला विमा, असे सर्व खर्च धरून येणारा हा वार्षिक दर. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर न करता एपीआरवर करा.

उंबरठा

खूप आभार. वेगळी पॉलिसी घेतो, आणि २० वर्षं घेऊन हप्ता दरवर्षी वाढवायचं ठरवतोय. दोन शंका: चार-पाच वर्षांनी दुसरी बँक कमी दर देत असेल तर कर्ज हलवावं का? आणि कर्ज फिटल्यावर काय काय करून घ्यायचं?

वहीखाते

आधी स्वतःच्याच बँकेकडे दर कमी करून मागा. रेपो उतरला की तुमचा दर तीन महिन्यांच्या आत उतरतो, पण त्यावरचं स्प्रेड, म्हणजे रेपोवर बँक लावते ती जादा टक्केवारी, बहुधा मंजुरीच्या दिवशीचंच राहतं. नव्या ग्राहकाला तेच कमी मिळत असतं. रूपांतर शुल्क भरून ते खाली आणता येतं का, ते विचारा. (गृहवित्त कंपनीचं कर्ज असेल तर दर तिच्या स्वतःच्या मानक दराशी बांधलेला असतो, तिथे रेपो उतरला तरी हालचाल उशिरा होऊ शकते.)

बाकी ४४ लाख, १५ वर्षं उरलेली, दर ९.२५ ऐवजी ८.५ मिळाला तर हप्ता सुमारे १,९६० रुपयांनी उतरतो, १५ वर्षांत साडेतीन लाख. यातून नवी प्रोसेसिंग फी, गहाणाचं शुल्क आणि वकील-मूल्यांकनाचा खर्च वजा करा. पण नवी बँक हमखास विचारते, ‘पुन्हा २० वर्षं करू का, हप्ता ३८ हजारांवर येईल.’ तिथे हो म्हणालात तर ८.५ टक्क्यांनीही भरायची रक्कम ७८ लाखांवरून पावणेब्याण्णव लाखांवर जाते. दर कमी झाला आणि कर्ज महाग झालं. मुदत उरलेली १५ वर्षंच ठेवा.

रेपोरेषा

कर्ज फिटल्यावर: बँकेने ३० दिवसांत सगळी मूळ कागदपत्रं परत करून नोंदवलेला बोजा उतरवायला हवा. तिच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. कर्ज घेतानाच जमा केलेल्या कागदांची यादी शिक्क्यासह घेऊन ठेवा, परत घेताना तीच पुढे ठेवून एकेक कागद मोजा, सूची दोनसकट (इंडेक्स टू, म्हणजे नोंदवलेल्या खरेदीचा सारांश-उतारा). नंतर सरसाईच्या (गहाणांची केंद्रीय नोंद ठेवणाऱ्या संस्थेच्या) नोंदीतून आणि दुय्यम निबंधकाकडच्या नोंदीतून बोजा गेल्याची खात्री करा. सोसायटीच्या दप्तरातही बँकेचा बोजा लिहिलेला असतो, त्यासाठी ना-हरकत पत्राची प्रत सचिवांना देऊन पोच घ्या. हे शेवटचं काम राहून जातं आणि पुढे फ्लॅट विकताना खरेदीदाराचा वकील नेमकं तिथेच बोट ठेवतो.