मदत हवी आहे : ९ वर्षांपूर्वी लेसिक झालंय, नंबर परत आलाय. दुसऱ्यांदा लेझर करावं का?

मायक्रोमीटरवाला, बेळगाव

नमस्कार मंडळी. प्रश्न लांबडा आहे, पण अर्धवट सांगून अर्धवट उत्तरं घ्यायची नाहीत म्हणून सगळंच लिहितो.

वय ३८. उद्यमबागेत एका मशीन शॉपमध्ये क्वालिटीला आहे. दिवसभर हातात मायक्रोमीटर नाहीतर बोअर गेज. लग्नाच्या आधी दोन्ही डोळ्यांचं लेसिक केलं. तेव्हा नंबर उजव्याला उणे ५.५, डाव्याला उणे ५. ऑपरेशन बेळगावात नव्हे, बाहेरगावी झालं. नाव लिहीत नाही, कारण तक्रार करायला आलेलो नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी लॉजच्या खिडकीतून समोरच्या भांड्याच्या दुकानाची पाटी फोन नंबरासकट वाचली होती. पुढची सात वर्षं चष्मा म्हणजे काय ते विसरलो होतो.

गेल्या दोन वर्षांपासून उजवा डोळा फसवायला लागलाय. पहिल्यांदा कळलं ते सीबीटीत (आमचं मुख्य बसस्टँड), बसच्या बोर्डावरून. कन्नड अक्षरं आधीच गोल गोल, त्यात प्रत्येक अक्षराच्या खाली एक फिकी सावली. डावा डोळा झाकून बघितलं तर सगळ्या बसेस एकाच गावाला निघालेल्या! सासुरवाडी चंदगडला. पावसात रात्री शिनोळी सोडली की समोरच्या गाडीचे दिवे फुलबाजीसारखे फुटतात. मागच्या जुलैत बायको म्हणाली, "तुम्ही बाजूला घ्या गाडी, मी चालवते." तेव्हापासून रात्रीची गाडी तिच्याकडेच.

आता उजवा उणे १.२५, डावा उणे ०.५. तीन ठिकाणी दाखवलं. पहिले डॉक्टर म्हणाले, जुना फ्लॅप (लेसिकच्या वेळी डोळ्यावर कापलेलं पातळ झाकण) उचलू, त्याच्याखाली थोडं लेझर मारू, दोन दिवसांत कामावर. दुसरे म्हणाले, ९ वर्षांचा फ्लॅप आता उचलायचा नाही, वरून पीआरके करू, म्हणजे फ्लॅप न उचलता वरच्या बाजूनंच लेझर. तिसऱ्या वयस्कर मॅडम होत्या. त्यांनी काम काय करता विचारलं आणि म्हणाल्या, "रात्रीपुरता चष्मा वापरा की. दोन-चार वर्षांत चाळीशी लागणारच आहे." तिघंही शहाणे, आणि माझं डोकं फिरलेलं.

माझी खरी अडचण वेगळी आहे. आमच्या धंद्यात एक गोष्ट पहिल्या आठवड्यात शिकवतात : मटेरियल काढता येतं, परत चिकटवता येत नाही. कॉर्नियाचंही (डोळ्याचा पुढचा पारदर्शक पडदा) तेच दिसतंय, आणि एकक पण तेच, मायक्रॉन. जुना एकच कागद मिळालाय, रेशनकार्डाच्या पिशवीत होता. त्यावर उजव्या डोळ्याची ऑपरेशनआधीची जाडी ५२८ मायक्रॉन. आता मोजली तर ४४७. म्हणजे ८१ गेले. पण फ्लॅप किती जाड कापला, ब्लेडनं की लेझरनं, हे कुठंच लिहिलेलं नाही. त्या हॉस्पिटलला तीनदा फोन केला. "इतकं जुनं रेकॉर्ड नाही सर." आमच्याकडं ड्रॉइंगशिवाय रीवर्कचा जॉब आला तर आम्ही मशीनला हात लावत नाही, आणि इथं डोळा आहे.

तर, फ्लॅपची जाडी आता कळू शकते का? उचलणं बरं की पीआरके? की मॅडमचं ऐकू? ज्यांनी दुसऱ्यांदा केलंय त्यांनी खरं काय झालं ते लिहा. जाहिरातीतलं मला पाठ झालंय.

(मेडिक्लेम मिळेल का हे विचारू नका, मी विचारून आलोय. ७.५ पेक्षा कमी नंबर असेल तर चष्म्याचा नंबर घालवायचा खर्च पॉलिसीत बसत नाही.)

यळ्ळूरचा पाहुणा

सोडा ओ! एक-सव्वा नंबर म्हणजे काय नंबर झाला? माझा उणे ८ आहे, चष्मा घालूनच भाताची लावणी केलोय. चष्मा घाला नि गप बसा.

निपाणीकर

पाहुण्यांचं म्हणणं हसण्यावारी नेऊ नका, पण त्यावर नंतर येतो. मी ऑप्टोमेट्रिस्ट आहे, डॉक्टर नाही. वीस वर्षं लोकांचे नंबर काढतोय, तेवढ्या अधिकारानं लिहितो.

आधी एक आठवून सांगा. ऑपरेशनच्या वेळी डोळ्यावर रिंग दाबली, अंधार झाला, तेव्हा घर्र असा मोटारीचा आवाज आला होता का? आणि सगळं एकाच मशीनखाली झालं, की मध्ये दुसऱ्या मशीनकडं नेलं?

मायक्रोमीटरवाला, बेळगाव

एकाच टेबलावर. आणि होय, घर्र आवाज चांगला आठवतोय. हँड ग्राइंडरसारखा, पण बारीक. पाच-दहा सेकंद असेल.

निपाणीकर

मग बहुतेक ब्लेड, म्हणजे मायक्रोकेराटोम. लेझरनं फ्लॅप करताना असा आवाज नसतो, आणि तो फ्लॅप साधारण १०० ते १२० मायक्रॉनचा होतो. ब्लेडचा १३०, १६०, कधी त्याहून जाड. पण आठवणीवर जाऊ नका. डोळ्याच्या पुढच्या भागाचा ओसीटी स्कॅन काढून घ्या, त्यात फ्लॅपची रेघ वर्षांनंतरही दिसते आणि जाडी मोजता येते. तुमचं ड्रॉइंग तिथं आहे.

आता हिशेब. फ्लॅप एकदा कापला की तो ताकद धरत नाही, नुसता झाकणासारखा बसलेला असतो. भार पेलतो तो खालचा थर. तो २५० मायक्रॉनच्या खाली जाता कामा नये, बरेच सर्जन ३०० धरतात. फ्लॅप १५० धरला तर तुमच्याकडं २९७ उरलेत. सव्वा नंबर काढायला ढोबळमानानं १५ ते १८ मायक्रॉन जातात. फ्लॅप उचलून केलं तर ते या २९७ मधूनच जाणार. गणितात बसतं, पण आणखी एक आकडा बघतात : फ्लॅपची जाडी अधिक लेझरनं काढलेलं, भागिले मूळ जाडी. ४० टक्क्यांच्या वर गेलं की कॉर्निया पुढं फुगण्याचा धोका वाढतो. तुमचा पहिल्याच वेळचा हिशेब १५० अधिक ८१ भागिले ५२८, म्हणजे ४४ च्या आसपास. म्हणून टोपोग्राफी (कॉर्नियाच्या आकाराचा नकाशा) नुसती काढू नका, कॉर्नियाची मागची बाजू फुगलीय का हे मुद्दाम विचारा. नंबर परत येण्याचं कारण तेच निघालं तर दुसऱ्या लेझरचा विषयच संपला.

फ्लॅप जुना झाला तरी उचलता येतो, कडा सुटतात. अडचण अशी की उचलताना वरच्या थरातल्या पेशी कडेनं आत शिरतात आणि फ्लॅपखाली वाढतात, फरशीच्या फटीतनं गवत यावं तशा. तीन वर्षांच्या वरच्या फ्लॅपला हे जास्त होतं. म्हणून दुसऱ्या डॉक्टरांनी पीआरके सांगितलं. त्यात वरची साधारण ५० मायक्रॉनची कातडी काढून फ्लॅपच्याच अंगावर लेझर मारतात, खालच्या थराला धक्का लागत नाही. तुमचा फ्लॅप जाड असेल तर या बाबतीत ते उलट सोयीचंच.

पण या सगळ्याच्या आधी डोळ्यांचा कोरडेपणा तपासला का कुणी? सावली, दिव्याच्या रेषा, सकाळी बरं नि संध्याकाळी खराब. शॉपमध्ये कूलंटची वाफ, पंखे, आणि गेज वाचताना माणूस पापणी मिटवायचा विसरतो. लेसिकमध्ये कॉर्नियाच्या नसाही कापल्या जातात. कोरड्या डोळ्यावर काढलेला नंबर खरा नसतो. ड्रॉप घालून बाहुली मोठी करूनही नंबर काढा, दिवसभर जवळचं काम करणाऱ्याचा उणे नंबर कधी कधी फुगलेला येतो. आणि शुगर. ती वरखाली होत असेल तर नंबर पण होतो.

पाहुण्यांच्या मुद्द्याबद्दल : मॅडमनी काम विचारलं ते उगीच नाही. दोन्ही डोळे शून्यावर आणले तर ४२-४३ व्या वर्षी मायक्रोमीटरच्या रेघा वाचायला चष्मा लागेल. उजव्यात थोडा उणे राहिला तर तोच डोळा जवळचं वाचेल. तुमच्या पोटापाण्याला तो नंबर वैरी नाही.

खानापूरची ताई

दादा, मी केलंय. आधी लेसिक, सहा वर्षांनी दोन्ही डोळ्यांना पीआरके. "थोडं टोचेल" म्हणाले होते. पहिली रात्र ठीक गेली. दुसऱ्या दिवशी दुपारी कुणीतरी डोळ्यात मिरची पूड टाकून वर चोळल्यासारखं. खोलीचे पडदे लावून, डोळ्यावर ओली घडी ठेवून तीन दिवस काढले. वरून एक लेन्स ठेवतात पट्टीसारखी, ती पाचव्या दिवशी काढली. त्यानंतरही नजर लगेच नाही आली. दोन आठवडे फोनवरची अक्षरं दुधात बुडवल्यासारखी, नीट स्थिर व्हायला अडीच महिने लागले. दोन दिवसांत कामावर हे पीआरकेला लागू नाही. तुम्ही मापं वाचणार, निदान दोन आठवडे रजा काढा.

लेझरनंतर कॉर्निया धुरकट होऊ नये म्हणून मायटोमायसिन नावाचं औषध काही सेकंद लावतात, पुन्हा करताना ते लावणार का विचारा. स्टिरॉइडचे ड्रॉप मला तीन महिने होते. मनानं बंद करू नका, आणि मध्ये डोळ्याचं प्रेशर मोजायला जा. लेसिक झालेल्या डोळ्यात प्रेशर मुळात कमी दाखवतं, हे तपासणाऱ्याला आपणच सांगायचं.

आता चष्मा नाही. पण तेव्हा हे दुखणं माहीत असतं, तर केलं असतं का? माझा उणे २ होता, म्हणून होय म्हणेन. पाऊण-एकासाठी नसतं केलं.

आणि संमतीचा कागद घरी आणून वाचा. माझा कन्नड-इंग्रजी होता, मी काउंटरवर उभ्या उभ्या सही केली.

मायक्रोमीटरवाला, बेळगाव

सात आठवड्यांनी येतोय. सगळ्यांना धन्यवाद, निपाणीकरांना जरा जास्त.

ओसीटी झाला. फ्लॅप १५८. म्हणजे घर्र आवाज खरा होता. खालचा थर २८९, आणि तो टक्केवारीचा आकडा ४५. कॉर्नियाची मागची बाजू सध्या नीट आहे, फुगलेली नाही. पण तो आकडा बघून फ्लॅप उचलायचं माझ्या मनातून गेलं. पहिल्या डॉक्टरांना रिपोर्ट दाखवला, त्यांनीही वाद घातला नाही.

कोरडेपणा निघाला. पापणीत कागदाची पट्टी पाच मिनिटं अडकवतात, ती जेमतेम ६ मिलिमीटर भिजली. अश्रूंचा थर चार सेकंदांत फाटतोय, दहाच्या वर टिकायला हवा होता. सहा आठवडे ड्रॉप घातले, रोज रात्री पापण्या शेकल्या, आणि शॉपमधला माझ्या टेबलासमोरचा पंखा फिरवून घेतला. (फोरमननं विचारलं, उकडत नाही काय रे तुला?) परवा बाहुली मोठी करून नंबर काढला : उजवा उणे ०.७५, डावा उणे ०.२५. सावली पूर्ण गेली नाही, पण सीबीटीत खानापूर नि चिकोडी आता वेगवेगळ्या गावांना जातात. शुगर नॉर्मल.

म्हणजे आधी सव्वा नंबरावर लेझर मारून घेतलं असतं, तर त्यातला ०.५ नंबर डोळ्याचा नव्हताच.

सध्या लेझर नाही. मॅडमकडंच पुन्हा गेलो, रात्रीच्या गाडीसाठी चष्मा घेतला. सहा महिन्यांनी पुन्हा टोपोग्राफी, नंबर स्थिर असेल आणि फारच अडलं तर पीआरके, तेही फक्त उजव्याला. जुना कागद लॅमिनेट करून ठेवलाय. मॅडम म्हणाल्या, पुढं मोतीबिंदूची लेन्स निवडताना ऑपरेशनआधीचा हा ५.५ नंबर उपयोगी पडेल.

ताई, मायटोमायसिनचं वहीत लिहून ठेवलंय.

पाहुणे, तुमचंच खरं झालं. चष्मा गाडीतच असतो. शनिवारी शिनोळीपर्यंत मीच चालवली, पुढं पाऊस लागला म्हणून बायकोनं घेतली.